घरातल्या पिक्चरांची दाखलवही: संग्रहाची नोंद आणि मांडणी कशी करावी

सोलापुरात गड्ड्याच्या, म्हणजे सिद्धेश्वराच्या, जत्रेचे दिवस होते. अशोक चौकाकडच्या आमच्या गल्लीतल्या अक्कांकडे माहेरची माणसं आली होती आणि रात्री सगळ्यांना मिळून तेलुगू ‘मायाबाजार’ बघायचा होता. तो पिक्चर आमच्याकडे आहे हे त्यांना ठाऊक होतं, मलाही ठाऊक होतं. कव्हर सापडायला दीड तास लागला. उघडलं तर आत दुसऱ्याच पिक्चरची डिस्क. अक्का काही बोलल्या नाहीत, पण त्यांच्या वयस्कर आईंचा चेहरा उतरला. ते मला फार लागलं.

हा संग्रह मूळचा मामांचा. त्यांची कॅसेट लायब्ररी होती, आधी व्हीएचएसची, मग सीडीची. दुकान बंद झालं तेव्हा टॉवेलच्या कारखान्यातल्या पुठ्ठ्याच्या खोक्यांत भरून सगळं घरी आलं. मराठी, हिंदी, तेलुगू, कन्नड, थोडं तमीळ, सगळं एकत्र. सोलापुरात गिऱ्हाईकच तसं. मी स्वतः बरीच वर्षं वाचनालयात काम केलं आहे. दाखल क्रमांक पडल्याशिवाय पुस्तक कपाटात जात नाही, हे हातात मुरलेलं. तीच शिस्त घरच्या डिस्कला लावायची मात्र राहून गेली होती. त्या जत्रेनंतर मी कामाला बसलो आणि साडेसहाशेच्या आसपास नगांची नोंद पुरी केली. ती कशी केली, कुठे चुकलो, आणि पुन्हा करायची झाली तर कशी करेन, ते इथे लिहितो.

सुरुवात करण्याआधी

काम डिसेंबर ते फेब्रुवारीत काढा. एप्रिल-मे मध्ये आपल्याकडे पारा चाळिशीच्या वर असतो. पत्र्याच्या खोलीत बसून डिस्क हाताळल्या तर घाम बोटांवरून डिस्कवर जातो, शिवाय माणूस कंटाळून काम अर्धं टाकतो. अर्धी झालेली नोंद ही न झालेल्या नोंदीपेक्षा वाईट, कारण कुठवर आलो होतो तेच कळत नाही.

दिवाळीच्या सफाईबरोबर हे काम काढू नका. त्या गडबडीत ‘चालत नसेल’ म्हणून खोकी भंगारात जातात.

लागणारं सामान थोडं आहे: एक रिकामं टेबल, मऊ मायक्रोफायबरचं फडकं, पाण्याच्या शाईचा बारीक मार्कर, छोटे कागदी स्टिकर, पॉलिप्रॉपिलीन या प्लॅस्टिकची पातळ पाकिटं, एक चालू प्लेअर आणि जाड पुठ्ठ्याची एक वही. कॉम्प्युटरवर यादी करणार असलात तरी वही ठेवाच. वीज गेली तरी काम थांबत नाही.

पहिल्या दिवशी फक्त ढीग लावा

वर्गवारीचा मोह होतो. मराठी इकडे, हिंदी तिकडे, विनोदी वेगळे, पौराणिक वेगळे. मी हेच केलं आणि दोन रविवार वाया घालवले, कारण दर दहा नगांमागे एक नग दोन ढिगांत बसायचा. पहिल्या दिवशी ढीग लावायचे ते फक्त माध्यमाचे: व्हीएचएस कॅसेट, व्हीसीडी, डीव्हीडी, ब्लू-रे, घरी लिहिलेल्या डिस्क, आणि सगळ्यांपासून दूर, वेगळ्या टेबलावर, घरच्या समारंभांच्या कॅसेटी.

व्हीसीडी आणि डीव्हीडी दिसायला सारख्याच, दोन्ही १२ सेंटिमीटर व्यासाच्या. व्हीसीडीवर साधारण ७४ ते ८० मिनिटंच मावतात, म्हणून एक पिक्चर दोन किंवा तीन डिस्कवर येतो. डीव्हीडी ही अर्ध्या अर्ध्या मिलिमीटरहून थोड्या जाड अशा दोन चकत्या चिकटवून बनते. कड उजेडात धरली तर मधोमध बारीक रेघ दिसते. घरी लिहिलेल्या डिस्कची खालची बाजू जांभळट, निळसर किंवा हिरवट दिसते. ती रंगद्रव्याची झाक आहे. ते रंगद्रव्य उजेडाने आणि उष्णतेने बिघडतं, म्हणून या ढिगाला घाई आहे हे लक्षात ठेवा.

दाखल क्रमांक

सगळ्या लेखातली एकच गोष्ट करायची असेल तर ही करा. प्रत्येक नगाला एक क्रमांक द्या, ०००१ पासून, ज्या क्रमाने हातात येईल त्या क्रमाने. मराठीचे वेगळे, तेलुगूचे वेगळे असं करू नका. क्रमांकात अर्थ कोंबू नका. माझ्या एका मित्राने ‘म-डी-०२३’ असे क्रमांक दिले होते, म्हणजे मराठी, डीव्हीडी, तेविसावा. मग त्याला एकाच डिस्कवर एक मराठी आणि एक हिंदी पिक्चर मिळाला आणि सगळी रचना अडली. क्रमांकाने फक्त एवढंच सांगायचं की हा नग तो. बाकीचं सांगायला यादी आहे.

इथे एक फरक मनात पक्का करा. पिक्चर वेगळा आणि नग वेगळा. एकाच पिक्चरची व्हीसीडी आणि डीव्हीडी तुमच्याकडे असेल तर पिक्चर एक, नग दोन, क्रमांक दोन. दोन-तीन डिस्कच्या संचाला एकच क्रमांक, आणि डिस्कवर ०१४७/१, ०१४७/२ असं. वाचनालयात एका पुस्तकाच्या पाच प्रतींना पाच दाखल क्रमांक असतात, तेच इथे.

क्रमांक कुठे लिहायचा? कव्हरच्या कण्यावर खाली, छोट्या स्टिकरवर. आणि खुद्द डिस्कवर, मधल्या भोकाभोवती जो पारदर्शक कडा असतो तिथे, पाण्याच्या शाईच्या मार्करने. डिस्कवर स्टिकर कधीही लावू नका. तो एका बाजूने सुटला की फिरताना तोल जातो, आणि काढायला गेलात तर वरचा थर उचकटतो. बॉलपेनही नको. व्हीसीडीत चकाकणारा थर छापील बाजूच्या लगेच खाली असतो, वर फक्त पातळ लाख. लोक खालच्या बाजूला जपतात आणि छापील बाजू टेबलावर घासतात. व्हीसीडीच्या बाबतीत वरचा ओरखडाच जास्त घातक.

क्रमांक डिस्कवर असल्याचा फायदा कोणता? डिस्क चुकून दुसऱ्या कव्हरात गेली तरी तिचं घर तिच्याच अंगावर लिहिलेलं राहतं. अक्कांच्या ‘मायाबाजार’ची डिस्क पुढे सापडली ती एका कन्नड भक्तिपटाच्या कव्हरात. तिला क्रमांक असता तर ती वेळ आली नसती.

प्रत्येक कव्हर उघडा

कव्हर बघून नोंद करायची नाही. उघडायचं, आतली डिस्क वाचायची, मग लिहायचं. मामांच्या संग्रहात दर पंचवीस-तीस नगांमागे एक तरी चुकीची डिस्क निघाली. व्हीसीडीच्या संचात दुसरा भाग गायब असणं तर नेहमीचं. अशा वेळी नोंद अडवून ठेवू नका. ‘भाग २ नाही’ असा शेरा मारा आणि पुढे जा. सुटी निघालेली डिस्क पाकिटात घालून तिलाही क्रमांक द्या. शेवटी अशा अनाथ डिस्क एकत्र मांडल्या की निम्म्यांची घरं आपोआप सापडतात.

यादीत कोणते रकाने ठेवायचे

दाखल क्रमांक, कव्हरवरचं नाव, मूळ नाव, वर्ष, दिग्दर्शक, मूळ भाषा, या प्रतीची भाषा, उपशीर्षकं, माध्यम, किती डिस्क, लांबी मिनिटांत, काढणारी कंपनी, कुठून आला, अवस्था, जागा, शेरा. एवढे पुरतात. नट-नट्यांची पूर्ण यादी, संगीतकार, गाणी हे सगळं भरायला घेतलंत तर शंभराव्या नगाशी थकाल. ते इंटरनेटवर मिळतं. तुमच्या नगाची अवस्था, तो कुठून आला, कुणी दिला, हे इंटरनेटवर कधीही मिळणार नाही, ते आधी लिहा.

कव्हरवरचं नाव आणि मूळ नाव असे दोन रकाने का, हे आपल्या गावाच्याच एका पिक्चरवरून सांगतो. डॉ. द्वारकानाथ कोटणीस सोलापूरचे, त्यांचं स्मारक इथे आहे. त्यांच्यावर व्ही. शांताराम यांनी १९४६ मध्ये ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’ काढला. आपण ‘कोटणीस’ लिहितो, हिंदीत ‘कोटनीस’, काही कव्हरांवर ‘कोटनिस’. शिवाय याच पिक्चरची इंग्रजी आवृत्तीही निघाली, वेगळ्या नावाने. एकाच रकान्यात मनाला येईल तसं लिहिलं तर हा पिक्चर तुमच्या यादीत तीन ठिकाणी विखुरतो. म्हणून कव्हरवर जसं छापलंय तसं एका रकान्यात, अगदी चूक असली तरी तशीच. आणि दुसऱ्यात पिक्चरच्या सुरुवातीला पडद्यावर येतं ते नाव. पडद्यावरचं नाव हेच अंतिम माना.

दुभाषी, डब आणि नव्याने काढलेला

सोलापूरच्या घरात हा प्रश्न सोडवल्याशिवाय यादी धड होत नाही, म्हणून इथे जरा थांबतो.

एक प्रकार म्हणजे दोन भाषांत एकाच वेळी स्वतंत्र चित्रित झालेले पिक्चर. प्रभातने हे पुष्कळ केलं. १९३७ चा ‘कुंकू’ मराठीत, तोच हिंदीत ‘दुनिया न माने’. १९३९ चा ‘माणूस’ हिंदीत ‘आदमी’. १९४१ चा ‘शेजारी’ हिंदीत ‘पडोसी’, आणि त्यात मराठीत केशवराव दाते यांनी केलेली भूमिका हिंदीत मजहर खान यांनी केली. ज्यांच्या लावण्या सोलापूर अजून विसरलेलं नाही त्या राम जोशींवरचा १९४७ चा ‘लोकशाहीर राम जोशी’ हिंदीत ‘मतवाला शायर राम जोशी’ म्हणून आला. ‘मायाबाजार’ १९५७ मध्ये तेलुगूत आणि तमीळमध्ये बनला. अभिमन्यू तेलुगूत अक्किनेनी नागेश्वर राव, तमीळमध्ये जेमिनी गणेशन. हे सगळे वेगवेगळे पिक्चर मानायचे. दोन नोंदी, आणि शेऱ्यात एकमेकांचा क्रमांक.

दुसरा प्रकार डब केलेले. मणिरत्नम यांचा १९९२ चा ‘रोजा’ मूळ तमीळ, आपल्याकडे बहुतेकांनी हिंदीत पाहिला. चित्रीकरण तेच, फक्त आवाज बदलले. हा एकच पिक्चर. मूळ भाषा तमीळ, या प्रतीची भाषा हिंदी. दोन भाषांचे दोन रकाने ठेवायला सांगितले ते यासाठी. डिस्कवर दोन-तीन भाषांचे आवाज असतील तर सगळे लिहा, पण प्लेअरमध्ये लावून खात्री केल्यावरच. कव्हरवर छापलेली भाषा आत असेलच असं नाही.

तिसरा प्रकार, तीच गोष्ट घेऊन पुन्हा काढलेला पिक्चर. ‘सैराट’ २०१६ चा, पुढे तो कन्नडमध्ये आणि हिंदीत नव्याने आला. हे स्वतंत्र पिक्चर, स्वतंत्र नोंदी.

आणि एक चौथी भानगड, आवृत्त्यांची. ‘मायाबाजार’ मुळात कृष्णधवल. २०१० मध्ये त्याची रंगीत केलेली आवृत्ती प्रदर्शित झाली. अक्कांच्या आईंना कृष्णधवलच हवा होता. शेऱ्यात ‘कृष्णधवल’ किंवा ‘रंगीत केलेला’ लिहिलं नसतं तर यादी बघूनही मला उत्तर देता आलं नसतं.

तेलुगू आणि कन्नड कव्हरांवर पुष्कळदा नाव फक्त त्या लिपीत असतं. अंदाजाने लिहू नका. आपल्याकडे शहराच्या पूर्व भागात तेलुगू वाचणारं माणूस दर दुसऱ्या घरात आहे, कन्नड वाचणारंही अवघड नाही. मी अशा पन्नास-साठ डिस्क एका पिशवीत घालून अक्कांकडे नेल्या, त्या नावं वाचत गेल्या, मी देवनागरीत उच्चाराबरहुकूम उतरवत गेलो. दोन संध्याकाळी लागल्या. ‘हा आम्ही लग्नानंतर पहिल्यांदा टॉकीजला बघितला’ अशा आठवणीही निघाल्या, त्याही मी शेऱ्यात लिहिल्या आहेत.

वर्ष कोणतं लिहायचं

डिस्कच्या कव्हरावर मागे छापलेलं वर्ष बहुधा डिस्क काढल्याचं असतं, पिक्चरचं नव्हे. तिथे फसू नका.

एक नियम ठरवा आणि मोडू नका. मी टॉकीजमध्ये प्रदर्शित झाल्याचं वर्ष धरतो. करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे नागराज मंजुळे यांचा ‘फँड्री’ मुंबईच्या महोत्सवात २०१३ मध्ये दाखवला गेला, टॉकीजला लागला फेब्रुवारी २०१४ मध्ये. माझ्या यादीत २०१४, शेऱ्यात ‘महोत्सव २०१३’. तुम्ही उलट केलंत तरी चालेल, पण सगळ्या यादीत तसंच करा.

वर्ष लागतं कशाला? नावं सारखी असतात म्हणून. ‘देवदास’ म्हटलं की १९५५ चा की २००२ चा हे विचारावं लागतं. आचार्य अत्रे यांचा ‘श्यामची आई’ १९५३ चा, त्याच नावाचा नवा २०२३ मध्ये आला, आणि तोही कृष्णधवल. नाव आणि वर्ष मिळून पिक्चरची ओळख ठरते, एकट्या नावाने नाही.

लांबी तपासली तर कापलेली प्रत सापडते

ही युक्ती फारशी कुणी वापरत नाही, आणि मला ती सगळ्यांत उपयोगी वाटते. जुन्या पिक्चरच्या सुरुवातीला सेन्सॉरचं प्रमाणपत्र येतं, तिथे थांबवून वाचा. त्यावर लांबी मीटरमध्ये किंवा फुटांत लिहिलेली असते. ३५ मिलिमीटरची फिल्म सेकंदाला २४ चित्रं या वेगाने चालते, म्हणजे मिनिटाला ९० फूट, अर्थात साधारण २७.४ मीटर. प्रमाणपत्रावर ४,११० मीटर असेल तर पिक्चर १५० मिनिटांचा.

आता डिस्कवरचा वेळ बघा. तो १४४ मिनिटं दिसला तर घाबरू नका. आपल्याकडच्या टीव्हीच्या पाल पद्धतीत सेकंदाला २५ चित्रं असतात, त्यामुळे तोच पिक्चर चार टक्के लवकर संपतो. १५० चे १४४ होतात. पण डिस्कवर १२८ मिनिटं असतील तर पंधराएक मिनिटं कुणीतरी कापली आहेत. व्हीसीडीत पिक्चर दोन डिस्कमध्ये बसवण्यासाठी गाणी काढून टाकलेल्या प्रती मला बऱ्याच सापडल्या. अशा नगापुढे ‘अपुरा’ लिहा. पूर्ण प्रत मिळाली की आधी कोणती बदलायची ते त्यावरून कळतं.

चालते का ते बघणं

सगळे पिक्चर अथपासून इतिपर्यंत बघणं शक्य नाही. तीन ठिकाणी दोन-दोन मिनिटं लावा: सुरुवात, मध्य आणि शेवटची पाच मिनिटं. डिस्क आतून बाहेर वाचली जाते, आणि बोटांचे डाग व वाकणं बाहेरच्या कडेला जास्त. साध्या एकपदरी डिस्कमध्ये शेवट कडेला येतो. दुपदरी डीव्हीडीत, म्हणजे ८.५ जीबीच्या, वाचणारा किरण पहिल्या थरावर कडेपर्यंत जाऊन दुसऱ्या थरावर परत आत येतो, म्हणून तिथे मध्यंतराच्या आसपास अडखळते. मध्यही तपासायचा तो यासाठी.

पुसताना केंद्रापासून कडेकडे सरळ रेषेत पुसा, गोल फिरवून नाही. गोल ओरखडा डेटाच्या दिशेने जातो आणि प्लेअरला तो सावरता येत नाही. फडकं मऊच हवं. चादरीचं किंवा टॉवेलचं जुनं कापड वापरू नका, त्यात बसलेली धूळच ओरखडे काढते.

अवस्थेसाठी तीनच शब्द ठेवा: चांगली, अडखळते, चालत नाही. पाच-सहा श्रेण्या केल्या की दर वेळी विचार करत बसावं लागतं.

वही, शीट आणि देवनागरीच्या अडचणी

मोबाइलवर बारकोड वाचून नोंद करणारी ॲप आहेत. इंग्रजी आणि बऱ्याच हिंदी डिस्कना ती बरी चालतात. आपल्या मराठी, तेलुगू व्हीसीडींवर ८९० ने सुरू होणारा १३ आकडी बारकोड असला तरी ॲपच्या साठ्यात तो बहुतेक वेळा नसतो. माझा सल्ला साधा आहे: गूगल शीट किंवा लिबरऑफिस कॅल्क. ते फुकट आहे, आणि उद्या ॲप बंद पडलं म्हणून यादी जात नाही.

शीटमध्ये देवनागरी भरताना मी चार ठिकाणी अडलो.

दाखल क्रमांकाचा रकाना आधीच ‘टेक्स्ट’ करून ठेवा, नाहीतर ००१२ चा १२ होतो. वर्ष आणि मिनिटं मात्र इंग्रजी आकड्यांत भरा. देवनागरी आकडे शीटला पुष्कळदा अक्षरं वाटतात आणि मग बेरीज किंवा वर्षानुसार क्रम लागत नाही.

नुक्त्याची, म्हणजे खाली टिंब असलेली, अक्षरं फसवतात. ‘पड़ोसी’मधला ड़ युनिकोडमध्ये, म्हणजे कॉम्प्युटरच्या अक्षरसंकेतांत, दोन तऱ्हांनी लिहिता येतो, दिसायला एकच, पण शोधताना जुळत नाही. ॲ या अक्षराचंही तेच. त्यामुळे मी ‘शोधनाव’ असा एक जादा रकाना केला: नुक्ता नाही, जोडाक्षरं शक्य तितकी साधी, ऱ्हस्व-दीर्घाचा घोळ टाळायला सोबत रोमन अक्षरांतलं नावही. घरातली मुलं मोबाइलवर रोमनमध्येच टाइप करून शोधतात, त्यांना तोच रकाना सापडतो.

अकारविल्हे लावताना आपल्या वर्णमालेत ळ, क्ष, ज्ञ हे ह नंतर येतात; कॉम्प्युटर क्ष ला क खाली आणि ज्ञ ला ज खाली घालू शकतो. तेवढं माहीत असलं की पुरे.

मूळ नावाशेजारी आयएमडीबी या पिक्चरांच्या माहितीच्या संकेतस्थळावरचा क्रमांक लिहून ठेवला तर फार बरं. नावं कशीही लिहिली तरी तो क्रमांक एकाच पिक्चरचा.

कपाटात मांडणी

नोंद पूर्ण झाल्यावरच मांडणीचा विचार करा. क्रमांक असल्यामुळे आता कुठलीही मांडणी चालते, आणि आवडली नाही तर बदलता येते.

तीनशेच्या आत नग असतील तर भाषेप्रमाणे कप्पे आणि आत अकारविल्हे. हात घालून चाळण्यातही आनंद आहे, घरातल्यांना तो मिळू द्या. त्यापेक्षा जास्त असतील तर माध्यमाप्रमाणे कप्पे करून आत सरळ दाखल क्रमांकाने लावा. नवीन नग शेवटी जोडला जातो, मधले सरकवावे लागत नाहीत. मी क्रमांकाने लावले आणि कण्यावर रंगीत पट्ट्या चिकटवल्या, मराठीला भगवी, तेलुगूला पिवळी, कन्नडला हिरवी, हिंदीला निळी. अक्का कपाटासमोर उभ्या राहून पिवळ्या पट्ट्यांवरून बोट फिरवतात.

जागेचा हिशोब आधी करा. डीव्हीडीचं नेहमीचं कव्हर १४ मिलिमीटर जाड, व्हीसीडीची काचेसारखी डबी १० मिलिमीटर, व्हीएचएस कॅसेट २५ मिलिमीटर. तीन फुटी फळीवर ६५ च्या आसपास डीव्हीडी, ९० व्हीसीडी, ३६ कॅसेटी. एक पंचमांश जागा मोकळी सोडा. डिस्क आणि कॅसेटी उभ्याच ठेवा, एकावर एक रचू नका.

सोलापुरात खरा शत्रू ऊन. लोखंडी कपाट पश्चिमेच्या भिंतीला लावलं तर मे महिन्यात रात्री दहालाही आतून गरम लागतं. घरातल्या आतल्या भिंतीला लावा. पत्र्याखालच्या माळ्यावर तर काहीही ठेवू नका. मामांच्या माळ्यावरच्या खोक्यात रेक्झिनच्या पाऊचमधल्या डिस्क पाकिटांना चिकटलेल्या निघाल्या. रेक्झिन पीव्हीसीचं असतं, त्यातला तेलकट अंश उष्णतेने बाहेर येतो आणि डिस्कवर बसतो. म्हणून पॉलिप्रॉपिलीनची पाकिटं घ्यायला वर सांगितलं. कपाटात डांबराच्या गोळ्या टाकू नका, त्यांच्या वाफेने डब्यांचं प्लॅस्टिक बिघडतं. धुळीसाठी कपाटावर जुनी सुती चादर टाका. प्लॅस्टिकचा कागद घातला तर पावसाळ्यात ओल आत कोंडते.

लग्नाच्या आणि घरच्या कॅसेटी

वेगळ्या टेबलावर ठेवलेला ढीग आता घ्या. बाजारात आलेला पिक्चर हरवला तर कधीतरी कुठेतरी मिळतो. आजोबांच्या पंचाहत्तरीची कॅसेट जगात एकच असते. माझ्या मते संपूर्ण संग्रहात खर्च करायचा असेल तर इथे करा.

आधी कॅसेटच्या कण्याकडचा छोटा प्लॅस्टिकचा तुकडा तोडलेला आहे का बघा; नसेल तर तोडा, म्हणजे चुकून वर दुसरं काही रेकॉर्ड होणार नाही. झाकण उचलून पट्टीकडे पहा. पांढरी भुकटी दिसली तर ती बुरशी आहे, व्हीसीआरमध्ये घालू नका; यंत्र खराब होतं आणि बुरशी पुढच्या कॅसेटीला लागते. स्वच्छ असेल तर एकदा पूर्ण पुढे, एकदा पूर्ण मागे गुंडाळून घ्या, मग चालवा.

डिजिटल करून घ्यायला दिलीत तर पाल पद्धतीप्रमाणे ७२० बाय ५७६, सेकंदाला २५ चित्रं, एवढं नेमकं सांगा, आणि फाइल पेनड्राइव्हवर मागा. नुसती डीव्हीडी घेऊन परत येऊ नका. मूळ कॅसेट परत घ्या, फेकू नका.

मग घरातल्या सगळ्यात मोठ्या माणसाला शेजारी बसवा. कोण दिसतंय, कुणाचं कोण, कुठलं मंगल कार्यालय, हे मिनिटांसकट लिहून घ्या: ‘१२ व्या मिनिटाला हिरव्या शालूत अक्कलकोटची आत्या’. हे काम पुढच्या वर्षावर टाकू नका. मामा होते तोवर मी टाकत राहिलो, आणि आता त्यांच्या दुकानाच्या उद्घाटनाच्या कॅसेटमधले निम्मे चेहरे कुणालाच ओळखू येत नाहीत.

हार्ड डिस्कवरचे पिक्चर

प्रत्येक पिक्चरला एक फोल्डर, नाव आणि कंसात वर्ष. कोडी, जेलिफिन, प्लेक्स यांसारखी सॉफ्टवेअर याच पद्धतीने पिक्चर ओळखतात. फाइलचं नाव रोमन अक्षरांत ठेवा, कारण बऱ्याच जुन्या टीव्हींना आणि प्लेअरना देवनागरी वाचता येत नाही, नुसत्या चौकटी दिसतात. डिस्क फॅट-३२ पद्धतीने फॉरमॅट केलेली असेल तर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल बसत नाही, एक्सफॅट वापरा. यादीत माध्यमाच्या रकान्यात हार्ड डिस्कचं नाव लिहा, आणि त्याच मजकुराची दुसरी हार्ड डिस्क दुसऱ्या घरी ठेवा. माझी बहिणीकडे विजापूर रोडला आहे. दर सहा महिन्यांनी दोन्ही लावून बघतो.

विकत घेतलेल्या डिस्कवर कॉपी-संरक्षण असेल तर ते तोडणं कायद्याने अडचणीचं ठरू शकतं. अशा डिस्क नीट सांभाळणं हाच मार्ग.

उसनवारी आणि वर्षाची तपासणी

कोणी पिक्चर मागितला तर ‘नाही’ म्हणू नका, पण कव्हर उघडून आतल्या डिस्कचा क्रमांक दिसेल असा फोटो काढा आणि व्हॉट्सॲपवर त्याच माणसाला पाठवा. तारीख, माणूस, नग, तिन्हींची नोंद एका झटक्यात होते आणि घेणाऱ्यालाही आठवण राहते. मग शीटमध्ये जागेच्या रकान्यात ‘दिला’ आणि नाव. कपाटातल्या रिकाम्या जागी तेवढाच पुठ्ठा उभा करा.

खराब झालेला किंवा देऊन टाकलेला नग यादीतून पुसू नका. त्यापुढे ‘रद्द’, कारण आणि तारीख लिहा. तो क्रमांक पुन्हा कुणाला द्यायचा नाही. वाचनालयात याला निर्लेखन म्हणतात. तीन वर्षांनी ‘तो पिक्चर होता ना आपल्याकडे?’ असं कुणी विचारलं तर उत्तर देता येतं.

यादीची छापील प्रत वर्षातून एकदा काढा आणि कपाटाच्या दाराच्या आत पुठ्ठ्याला लावून ठेवा. मी ती संक्रांतीच्या आधी काढतो, आणि त्याच दिवशी कुठलेही वीस क्रमांक निवडून कपाटात शोधतो. कव्हर आहे का, आत तीच डिस्क आहे का, चालते का. वीसपैकी दोन चुकले तर तो सगळा कप्पा तपासतो. यंदा एक चुकला, ०३१८. कव्हर जागेवर, डिस्क प्लेअरमध्येच राहिलेली होती.